घड्याळाखालचं ग्रंथालय

प्रश्न थोडक्यात असा होता: मुंबई विद्यापीठाच्या फोर्टमधल्या आवारात राजाबाई टॉवरला लागून ग्रंथालयाची जुनी इमारत आहे. प्रेमचंद रायचंद यांच्या अंध आईला घंटेवरून वेळ कळावी म्हणून टॉवर बांधला, तो बिग बेनची नक्कल आहे आणि ग्रंथालय नंतर जोडलं, असं ऐकलंय. यातलं खरं किती? आणि इमारतीचा मूळ इतिहास काय?

जुन्या दगडी इमारतींच्या दुरुस्तीत माझी पंचवीसेक वर्षं गेली. या इमारतीसमोरून जाताना मान आपोआप वर होते, त्यामुळे उत्तर लांबलं तर सांभाळून घ्या.

ऐकलेल्यातल्या शेवटच्या गोष्टीपासून सुरू करतो. ग्रंथालय नंतर जोडलेलं नाही. आधी ग्रंथालयच ठरलं, टॉवर मागाहून आला. ऑगस्ट १८६४ मध्ये प्रेमचंद रायचंद यांनी विद्यापीठाच्या ग्रंथालयासाठी २ लाख रुपये देऊ केले. ही वास्तू शहराचं भूषण व्हावी आणि मागच्या व पुढच्या पिढ्यांच्या विद्वत्तेचं भांडार व्हावी, असा त्यांच्या पत्राचा आशय होता. ऑक्टोबरमध्ये दुसरं पत्र गेलं. त्यात आणखी २ लाख होते, मोठं घड्याळ आणि आनंदाच्या प्रसंगी वाजवायच्या घंटा बसवता येतील अशा मनोऱ्यासाठी, आणि त्याला आई राजाबाईंचं नाव द्यायचं होतं. म्हणजे कागदोपत्री टॉवर हा ग्रंथालयाचा धाकटा भाऊ. पण २८० फूट उंच धाकटा भाऊ शेजारी उभा राहिला की थोरल्याकडे कोण बघतं? लोक आज संपूर्ण इमारतीलाच ‘राजाबाई टॉवर’ म्हणतात. ज्यासाठी पहिलं पत्र लिहिलं गेलं ते ग्रंथालय नावातून गळालंच.

अंध आईची गोष्ट मी अनेकांच्या तोंडून ऐकली आहे. जैन कुटुंब, सूर्यास्तापूर्वी जेवण उरकायचं, आईला दिसत नाही, म्हणून मुलानं घंटा बांधून दिली. गोष्ट गोड आहे, मोडायला जिवावर येतं. पण हिशेब मांडून बघा. देणगी १८६४ ची, टॉवर पुरा झाला नोव्हेंबर १८७८ मध्ये. जेवणाची वेळ कळावी म्हणून कुणी आईला चौदा वर्षं थांबवत नाही. प्रेमचंद राहायचे भायखळ्याला, घंटा फोर्टात. शिवाय सूर्यास्त रोज थोडा सरकतो, घड्याळाचे टोले सरकत नाहीत. मुलानं आईचं नाव शहराच्या माथ्यावर चढवलं, एवढं मात्र पक्कं, आणि माझ्या मते तेवढी गोष्ट पुरेशी आहे.

आता हे चार लाख आले कुठून, ते समजल्याशिवाय इमारत समजत नाही. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेनासा झाला आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. तो सगळा पैसा मुंबईत उतरला आणि खेळायला जागा शोधू लागला. रोज नवी बँक, रोज नवी कंपनी. समुद्र बुजवून जमीन करू म्हणणाऱ्या बॅक बे रेक्लमेशन कंपनीचा ५ हजार भरणा झालेला शेअर ५० हजारांच्या घरात गेला. या सगळ्या खेळाचे सूत्रधार प्रेमचंद रायचंद होते. १८३१ साली सुरतेत जन्मलेला हा दलाल तेव्हा जेमतेम तेहेतीस वर्षांचा होता. बँक ऑफ बॉम्बेनं कुणाला कर्ज द्यायचं हेही त्यांच्या शब्दावर ठरत असे.

१८६५ च्या वसंतात अमेरिकेतलं युद्ध संपलं, कापूस कोसळला. १ जुलै १८६५ हा वायद्यांच्या सौद्यांचा हिशेब पुरा करायचा दिवस होता. त्या दिवशी मुंबईचं दिवाळं वाजलं. कंपन्या बुडाल्या, पुढे बँक ऑफ बॉम्बेही गुंडाळावी लागली आणि प्रेमचंद यांना दिवाळखोरी पत्करावी लागली. फुग्याच्या काळात छापलेले बहुतेक शेअर रद्दीच्या भावानं गेले, आणि त्याच पैशाचा एक तुकडा आज ओव्हल मैदानासमोर दगडात उभा आहे. बॅक बे कंपनीनं बुजवायला घेतलेला समुद्र इमारतीच्या समोरच्याच बाजूला होता, हा योगायोग मला कायम गमतीचा वाटतो.

जागा कशी मिळाली तेही मजेशीर आहे. १८६० पर्यंत फोर्ट म्हणजे खरोखरच किल्ला होता: तटबंदी, खंदक, दरवाजे. गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांनी १८६२ नंतर तट पाडायला घेतले आणि पश्चिमेला मोकळ्या मैदानाच्या कडेनं एक लांब पट्टी हाती आली. तिच्यावर एकामागून एक सरकारी इमारती उभ्या राहिल्या: सचिवालय, विद्यापीठाचं सभागृह, ग्रंथालय आणि टॉवर, मग हायकोर्ट. सगळ्यांची तोंडं पश्चिमेला, कारण समोर मैदान, त्यापलीकडे रेल्वेची लाइन आणि लगेच समुद्र. बोटीतून येणाऱ्याला हे शहर पहिल्यांदा कसं दिसावं, याचा विचार करून मांडलेली ती रांग आहे. पुढे १९२०–३० च्या दशकांत भराव पडला, मरीन ड्राइव्हपर्यंत इमारती उठल्या आणि समुद्र दिसेनासा झाला. आज मैदानाच्या एका कडेला गॉथिक, म्हणजे मध्ययुगीन युरोपच्या वळणाच्या टोकदार कमानींच्या इमारती, आणि दुसऱ्या कडेला आर्ट डेको, म्हणजे त्या भरावाच्या काळातल्या नव्या शैलीच्या, अशी जोडी समोरासमोर आहे. २०१८ मध्ये युनेस्कोनं जागतिक वारसा म्हणून नोंदली ती हीच जोडी. एकूण ९४ इमारती, त्यात ही एक.

आराखडा इंग्लिश वास्तुरचनाकार सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट यांचा. लंडनचं सेंट पँक्रस स्टेशनवरचं हॉटेल आणि अल्बर्ट मेमोरियल हीही त्यांचीच कामं. ते मुंबईला कधीच आले नाहीत. लंडनमध्ये बसून नकाशे काढले आणि बोटीनं पाठवले. त्याच आवारातलं पदवीदान सभागृह, ज्याला कावसजी जहांगीर यांनी १ लाख रुपये दिले आणि जे १८७४ मध्ये पुरं झालं, तेही त्यांच्याच हातचं. ग्रंथालय आणि टॉवरच्या कामाचा पाया १ मार्च १८६९ रोजी घातला गेला. मार्च १८७८ मध्ये स्कॉट वारले, नोव्हेंबरमध्ये टॉवर पुरा झाला. म्हणजे स्वतःच्या या कामाचा एक दगडही त्यांनी पाहिला नाही. खर्च साडेपाच लाखांच्या आसपास गेला.

बिग बेनचं म्हणाल तर ती पर्यटकी तुलना आहे. चौकोनी मनोरा, चार बाजूंना घड्याळ, एवढ्यावरून. स्कॉट इटलीच्या मध्ययुगीन वास्तूंचे चाहते होते, आणि या टॉवरची नाळ फ्लोरेन्सच्या जोत्तोच्या घंटाघराशी जास्त जुळते असं जाणकार मानतात. तिथेही मनोरा मजल्यामजल्यानं हलका होत जातो. आपल्याकडे शेवटच्या टप्प्यात चौकोनाचा अष्टकोन होतो, आणि तिथे खरी गंमत आहे.

त्या उंचीवर आठ-आठ फुटी माणसं उभी आहेत. टॉवरवर मिळून अशा २४ मूर्ती आहेत, पश्चिम भारतातल्या वेगवेगळ्या जातीजमातींच्या: गुजराती व्यापारी, पारशी, राजपूत, मराठा वगैरे. युरोपातल्या गॉथिक इमारतीवर त्या जागी संत किंवा राजे असते. इथे रावबहादूर मुकुंद रामचंद्र यांनी बाजारात आणि रस्त्यात दिसणारी माणसं बसवली. ते या कामावरचे सहायक अभियंता होते. लंडनहून नकाशा आला, पण पागोटं कसं बांधलेलं असतं, अंगरख्याची चुण कुठे पडते हे लंडनला कसं माहीत असणार? या इमारतीचं श्रेय वाटताना स्कॉटना सगळं दिलं जातं. मला विचाराल तर मुकुंद रामचंद्रांचं नाव तितक्याच मोठ्या अक्षरांत लिहायला हवं.

आता मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो तो मुद्दा. इमारत आधी आली, ग्रंथालय म्हणून तिचा खरा वापर बऱ्याच नंतर.

विद्यापीठ स्थापन झालं १८ जुलै १८५७ ला, पण तेव्हा त्याला ना इमारत होती ना वर्ग. लंडन विद्यापीठाच्या नमुन्यावर ते परीक्षा घेणारं आणि पदव्या देणारं मंडळ होतं. समारंभ टाउन हॉलमध्ये व्हायचे. १८६२ मध्ये महादेव गोविंद रानडे, रामकृष्ण गोपाळ भांडारकर, बाळ मंगेश वागळे आणि वामन आबाजी मोडक हे पहिले चार बी.ए. झाले, ते एल्फिन्स्टन कॉलेजात शिकून आणि तिथली पुस्तकं वाचून. विद्यापीठाचं ग्रंथालय उघडलं १८८० मध्ये, फेब्रुवारीच्या शेवटी. तोवर रानडे न्यायाधीश होते आणि भांडारकर नामांकित पंडित. तेव्हाचं विद्यापीठाचं क्षेत्रही मुंबई शहरापुरतं नव्हतं. कराचीपासून धारवाडपर्यंतची कॉलेजं त्याच्याखाली. धारवाडचा विद्यार्थी संदर्भ शोधायला फोर्टात येणार होता थोडाच! शिकवायचं कॉलेजांनी, वाचायचं कॉलेजांत, मग या सुंदर दालनात बसणार कोण?

विद्यापीठांनी स्वतः शिकवावं, संशोधन करावं याला कायद्यानं वाट मिळाली १९०४ मध्ये. मुंबईत प्रत्यक्ष पदव्युत्तर विभाग आले ते आणखी पुढे. समाजशास्त्राचा विभाग पॅट्रिक गेडिस यांनी १९१९ मध्ये सुरू केला. तेव्हा कुठे या इमारतीला स्वतःचे वाचक मिळू लागले. प्रेमचंद यांनी कलकत्ता विद्यापीठालाही २ लाख दिले होते. तिथे त्यातून शिष्यवृत्ती निघाली, आणि प्रेमचंद रायचंद स्कॉलर हा तिथल्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या विद्वानांच्या नावापुढचा मान झाला. त्याच माणसाच्या पैशातून एका शहरात माणसं घडली, दुसऱ्यात इमारत. कलकत्त्यानं जास्त शहाणपणा केला, असं एखाद्या ग्रंथपालानं म्हटलं तर मी वाद घालणार नाही.

पण संग्रह हळूहळू खरोखर भारदस्त झाला. छापील पुस्तकांपेक्षा मला इथल्या हस्तलिखितांचं अप्रूप जास्त. भडकमकर आणि भगवतसिंहजी यांच्या नावाचे संस्कृत-प्राकृत हस्तलिखितांचे संग्रह इथे आले, आणि गो. वि. देवस्थळी यांनी त्यांची वर्णनात्मक सूची १९४४ मध्ये केली. अरबी-फारसी-उर्दू हस्तलिखितांची सूची त्याआधीची, १९३५ ची. कायदेपंडित असफ अली असगर फैजी यांनी आपल्याकडची इस्माइली, म्हणजे शिया मुस्लिमांच्या एका पंथाची, हस्तलिखितं विद्यापीठाला दिली. त्या विषयावर काम करणाऱ्यांना जगभरात हा संग्रह ठाऊक असतो. विद्यापीठाचा पसारा पुढे कालिन्याला गेला, तिथे जवाहरलाल नेहरू ग्रंथालय झालं आणि रोजच्या वाचकांची वर्दळ तिकडे सरकली.

वास्तू म्हणून आत काय आहे? टॉवरच्या पायथ्याशी गाड्या थेट कमानीखाली येऊन थांबतील असा पोर्च आहे. त्यातून आत गेलं की दोन्ही अंगांना तळमजल्याची दालनं. वाचनाचं मुख्य दालन वरच्या मजल्यावर, इमारतीच्या लांबीभर पसरलेलं, वर सागवानी छत. पुस्तकं वर का चढवली, असं अनेक जण विचारतात. एक तर ओल. मुंबईच्या पावसात तळमजल्याच्या भिंती जमिनीतलं पाणी ओढतात, आणि पुस्तकाला वाळवीइतकीच ओल घातक. दुसरं उजेड. विजेच्या आधीच्या काळात ग्रंथालय म्हणजे मुळात खिडक्यांचा प्रश्न. पुस्तकांच्या कपाटांमध्ये ज्योत पेटवून कोण बसेल? म्हणून उंच टोकदार कमानींच्या खिडक्या. मात्र पश्चिमेचं ऊन आणि नैर्ऋत्येचा पाऊस दोन्ही समोरूनच येणार, म्हणून बाहेरून कमानींच्या ओवऱ्या. कोपऱ्यांवर उघडे, गोल वळणाचे दगडी जिने आहेत. इथे न आलेल्या माणसानं हवामानाचा इतका विचार केला याचं मला कौतुक वाटतं. तरी काच मात्र त्यानं युरोपातलीच लावली, म्हणजे रंगीत तुकडे शिशाच्या पट्ट्यांत बसवलेली, आणि पुढची दीडशे वर्षं दुरुस्तीवाल्यांना काम लागलं.

ते काम कसं असतं ते सांगतो. या इमारतीचं नव्हे, त्याच काळातल्या दुसऱ्या एका इमारतीतलं, जिथे मी होतो. लांबून खिडकी ठीक दिसत होती. परांचीवर चढून गाल काचेजवळ नेला तर पूर्ण तावदान पोट सुटल्यासारखं बाहेर आलेलं. शिसं मऊ धातू. दुपारच्या उन्हात ते प्रसरण पावतं, रात्री आकसतं, आणि पुन्हा पहिल्या जागी येत नाही. दर वर्षी केसभर. आडव्या लोखंडी सळयांना तावदान तांब्याच्या तारेनं बांधलेलं असतं. त्या तारा तुटल्या की सगळं वजन खालच्या तुकड्यांवर येतं आणि ते तडकतात. कुणीतरी कधीतरी फुटलेल्या निळ्या तुकड्याच्या जागी साधी काच बसवून तिला ऑइलपेंट फासलेला होता, बाहेरून सिमेंट. उतरवण्याआधी कागद लावून पेन्सिलनं सगळ्या शिशाचा ठसा घेतला, प्रत्येक तुकड्याला नंबर दिला. ते सिमेंट नखानखानं काढायला आम्हाला जितका वेळ लागला तितका नवं शिसं भरायलाही लागला नाही.

सिमेंटची हीच तक्रार दगडाबाबतही आहे. ग्रंथालयाच्या भिंतींना कुर्ल्याचा पिवळसर दगड वापरला आहे, आणि नाजूक कोरीवकामाला पोरबंदरचा. पोरबंदरचा दगड म्हणजे चुनखडी. छिन्नीखाली लोण्यासारखा चालतो, म्हणून कारागिरांचा लाडका, आणि म्हणूनच खाऱ्या हवेत सगळ्यात आधी झिजतो. मूळ बांधकाम चुन्यातलं. दगडांमधले चुन्याचे सांधे भिंतीतली ओल बाहेर सोडतात. मुंबईतल्या कितीतरी जुन्या इमारतींत मधल्या पिढ्यांनी हे सांधे सिमेंटनं भरले. सिमेंट पाणी सोडत नाही, मग ओल दगडातूनच वाट काढते, मागे क्षार ठेवते, आणि त्या क्षारांचे स्फटिक फुगून दगडाचा वरचा थर पापुद्र्यासारखा सुटतो. सांधा टणक राहतो, दगड जातो. दुरुस्तीवाल्याला शिव्या घालायच्या असतील तर इथे घालाव्यात.

ग्रंथालय आणि टॉवरचं मोठं जतनकाम २०१३ ते २०१५ मध्ये झालं. इंडियन हेरिटेज सोसायटीचा पुढाकार, टाटा कन्सल्टन्सी सर्व्हिसेसचा निधी, वास्तुरचनाकार ब्रिंदा सोमाया. रंगीत काचांचं काम स्वाती चांदगडकर यांनी केलं. रंगीत काच, लाकूड, दगड, सगळ्याला हात लागला. मी त्या चमूत नव्हतो, त्यामुळे निर्धास्तपणे म्हणू शकतो: काम चांगलं झालं. चांगल्या दुरुस्तीची माझी खूण अशी, की इमारत नवी न दिसता निरोगी दिसते.

टॉवरबद्दल एक-दोन गोष्टी राहिल्या. सोळा घंटांचा हा संच इंग्रजांच्या काळात ‘रूल ब्रिटानिया’, ‘गॉड सेव्ह द किंग’, ‘होम स्वीट होम’ अशा सोळा धुना वाजवायचा. आता दर पाव तासानं एकच धून असते. वर पूर्वी लोकांना जाता येत असे. १८९१ मध्ये तिथून पडून दोन पारशी तरुणींचा मृत्यू झाला, खटला चालला, शहर ढवळून निघालं आणि आरोपी सुटले. टॉवरवर लिहिणारे बहुतेक जण या प्रकरणावरच पानं भरतात. मी भरणार नाही.

बघायला जाणार असाल तर महात्मा गांधी मार्गाच्या बाजूनं जाऊ नका. ती इमारतीची पाठ आहे. ओव्हलच्या पलीकडच्या कुंपणाशी, संध्याकाळी पाचच्या सुमाराला उभे राहा. ऊन थेट दर्शनी भागावर असतं आणि कुर्ल्याचा दगड मधासारखा दिसतो. आधी टॉवर हातानं झाका आणि दोन्ही बाजूंचं नुसतं ग्रंथालय बघा: ओवऱ्या, कोपऱ्यातले जिने, वरच्या मजल्याच्या खिडक्या. मग हात काढा. दुर्बीण असेल तर चौकोनाचा अष्टकोन होतो तिथे लावा आणि मुकुंद रामचंद्रांची माणसं मोजा. पागोट्यांवरून कोण कोण ते ओळखता येतं.